कळसची कुलपं

बारामतीच्या महाविद्यालयात मी गृहविज्ञान शिकवायचे. शिकवता शिकवता घरकामावर एक पुस्तक लिहिलं. डाग कसे काढावेत, धान्याला कीड लागू नये म्हणून काय करावं, घरातला पसारा कसा आवरावा, असं सगळं त्यात होतं. ते आसपासच्या गावांत बरंच फिरलं.

एके दिवशी इंदापूर तालुक्यातल्या कळसहून एका वाचक बाईचा फोन आला. ती घरी मसाले आणि चटण्या करून विकायची. कामाला जागा पुरत नव्हती आणि घरातली एक अख्खी खोली सासऱ्यांनी जुन्या कुलपांनी भरली होती. पसाऱ्यावरचं माझं प्रकरण तिनं त्यांना वाचून दाखवलं. त्यांनी शांतपणे ऐकलं आणि पुढच्या बाजाराला आणखी एक कुलूप आणलं.

"मॅडम, तुमी लिहिलंय, आता तुमीच येऊन सांगा," ती म्हणाली.

रविवारी मी एसटीनं गेले. काय बोलायचं ते वाटेत मनाशी जुळवलं होतं. सासरे सत्तरीचे, डाळिंबाची बाग मुलाच्या हाती देऊन मोकळे झालेले. सगळे त्यांना तात्या म्हणत. त्यांनी खोलीचं दार उघडलं आणि माझं जुळवलेलं भाषण तिथंच राहिलं. पेटीचं नखाएवढं कुलूप, माशाच्या आकाराचं पितळी कुलूप, दोन्ही हातांनी उचलावं लागेल असं गोदामाचं कुलूप. बरीचशी गंजलेली. माझ्यातली गृहविज्ञानवाली जागी झाली. पितळेसाठी चिंच आणि मीठ मागितलं, लोखंडासाठी शिवणयंत्राचं तेल. दुपारपर्यंत तात्या आणि मी घासत बसलो. सून दोनदा डोकावून गेली. दुसऱ्यांदा तिनं चहाचा कप जरा आदळूनच ठेवला.

त्या दिवसांत मी मानसशास्त्राची पुस्तकं हौसेनं वाचत होते, त्यामुळं प्रत्येक माणसात मला काहीतरी खोल दुःख दिसायचं. घरात तात्यांची बायको दिसली नव्हती. मी हळूच विचारलं, काकू गेल्यापासून हा नाद लागला का?

तात्या माझ्याकडं बघतच राहिले. "गेली म्हंजी? रानात गेलीया. येईल आता."

आणि काकू आल्याच, मेथीचा भारा घेऊन. माझा प्रश्न कळल्यावर त्या उंबऱ्यात बसून डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसल्या. मला कुठं तोंड लपवू असं झालं.

मग तात्यांनी आपणहून सांगितलं. पहिलं कुलूप भंगारात मिळालं, किल्ली नव्हती. तारेचा तुकडा वाकवून त्यांनी खटपट केली आणि ते उघडलं. "खट्‌ वाजलं की लय बरं वाटतं बघा. त्यात दुसरं काय न्हाय."

भांडण काकूंनीच मिटवलं. कुलपांच्या खोलीत कमरेच्या वरची भिंत तात्यांची, खालची सगळी जागा सुनेच्या मसाल्यांना. मी एवढंच सुचवलं, की मिठा-मसाल्यानं पितळ काळं पडतं, तेव्हा भिंतीवर काचेची कपाटं करा. तशी केली. चटणी न्यायला आलेली माणसं कुलपं बघत रेंगाळू लागली आणि जाताना मसालाही नेऊ लागली. सुनेची तक्रार तिथंच संपली.

मी मात्र गुंतले. वडगाव निंबाळकरला गाईगुरांच्या घंटा जमवणारे एक जण भेटले, मग आणखी काही माणसं, आणि संग्राहकांवर माझं दुसरं पुस्तक झालं. आता अंदाजानं बोलायचं नाही, असं ठरवून पन्नाशीत मानसशास्त्राच्या एम.ए.ला नाव घातलं. परीक्षेला पर्यवेक्षक म्हणून माझीच जुनी विद्यार्थिनी होती. तिनं लाजत मला मोबाईल बाहेर ठेवायला सांगितला. माणसं वस्तू का जपतात, यावरचं तिसरं पुस्तक त्या अभ्यासातूनच आलं.

मागच्या महिन्यात कळसच्या सूनबाईंचा पुन्हा फोन आला. पिंपळीला माहेरी माळ्यावर एक बिनकिल्लीचं कुलूप सापडलं होतं.

"तात्यांना बोलू नका," ती म्हणाली. "आधी मी उघडून बघणार हाय."