रडण्याला भोंगा लावत नसतात

वाणीला आपल्या पूर्वसूरींनी चार पायऱ्या कल्पिल्या आहेत. नाभीपाशी निपजणारी परा, हृदयात उमटणारी पश्यन्ती, कंठाशी थबकलेली मध्यमा आणि मुखावाटे बाहेर पडणारी वैखरी. शब्द वर चढत येतो तो या क्रमाने, असे ते मानीत. मात्र प्रत्येक शब्दाने शेवटची पायरी गाठलीच पाहिजे, असा दंडक त्यांनी घातलेला नाही. काही बोलणे कंठाशीच थांबावे, काही चार भिंतींत राहावे, काही एकाच कानापुरते असावे. हे ओळखून दुसऱ्याच्या शब्दाची लाज राखणे, याला मी दाक्षिण्य म्हणतो. काव्यांतून हा गुण राजसभेत वावरणाऱ्यांना बहाल केलेला दिसतो. मला तो कर्जतच्या एका मंडपवाल्यापाशी आढळला, आणि त्यांचा व्यवसाय तर वैखरीच मोठी करण्याचा होता.

रंगनाथ कानगुडे हे त्यांचे नाव. मंडप, गाद्या, पंगतीची भांडी आणि लाउडस्पीकर असा त्यांचा पसारा. तालुक्यातले लग्न असो, सप्ताह असो, दशक्रिया असो की निवडणुकीची सभा, भोंगा बहुधा त्यांचाच. कार्यक्रम सुरू झाला की ते मिक्सरच्या पेटीजवळ बसत आणि बैलाच्या पाठीवर ठेवावा तसा उजवा हात तिच्यावर ठेवून शेवटपर्यंत तो उचलत नसत. माझ्या एका व्याख्यानात उपमेचा विस्तार जरा अधिकच झाला, तेव्हा मी खाली उतरताच ते अदबीने म्हणाले, “गुरुजी, आज लई झकास बोललात. पर भोंगा तापला हुता.”

त्या हाताला एक सवय होती आणि तिच्यामागे एक जुना प्रसंग होता. धंद्याच्या सुरुवातीच्या दिवसांत एका लग्नात पाठवणीच्या वेळी नवरीचा बाप मंडपाच्या खांबाला टेकून ओक्साबोक्शी रडला. माणूस करारी, गावाने त्याचे डोळे कधी ओले पाहिलेले नव्हते. खांबाला माईक अडकवलेला होता आणि तो चालू राहिला होता. ते रडणे भोंग्यातून वेशीपर्यंत गेले. वऱ्हाडातल्या टवाळ पोरांनी त्याची नक्कल उचलली आणि पुढे बाजारात तो दिसला की कोणी ना कोणी तसा हुंदका काढी. त्या माणसाने बाजाराला येणेच सोडले. रंगनाथांना कोणी दोष दिला नाही. पण तेव्हापासून कोणाचा आवाज फुटू लागला की त्यांचा हात आपसूक खाली येई आणि आवाजाची कळ सोबत खाली सरके. कारण विचारले तर एवढेच म्हणत, “रडण्याला भोंगा लावत नसतात.”

अमृत गदादे हा त्याच तालुक्यातला तरुण. त्याचे वडील सहादेव आणि आई लंकाबाई दरवर्षी दिवाळी झाली की ऊसतोडीला जात आणि चैत्राच्या सुमारास परतत. मधले महिने अमृत आपल्या आजीपाशी, बनुबाईपाशी, गावी राहून शिकला. पुढे पुण्यात नोकरीला लागला आणि तिथे त्याला रॅपचा नाद लागला. तालावर, जवळजवळ बोलल्यासारखी, यमके गुंफत म्हटलेली ती गाणी मला आरंभी केवळ कोलाहल वाटली होती. शांतपणे ऐकल्यावर ध्यानात आले की छंदाची शिस्त तिथेही आहे, यतिभंग झाला तर तिथेही कान दुखावतो.

त्याने हिपहॉपचा एक अल्बम योजला होता, आणि तो दुहेरी. पहिल्या भागाचे नाव ‘येतो’, दुसऱ्याचे ‘आलो’. आपल्याकडे घरातून निघणारा ‘जातो’ म्हणत नाही, ‘येतो’ म्हणतो. म्हणून पहिला भाग निघणाऱ्यांचा, उसाच्या फडातला. दुसरा भाग परतणाऱ्यांचा, आणि मागे राहिलेल्या घरात त्यांना काय आढळते त्याचा. पुण्यातले मित्र त्याला समजावीत, “अरे, लोक एक गाणं पुरतं ऐकत नाहीत, तू दोन-दोन अल्बम कुणाला ऐकवणार? पहिला काढ, बास.”

आषाढ सुरू झाल्यावर तो रंगनाथांकडे आला. तुळशीच्या लग्नापर्यंत मुहूर्त नसतात, त्यामुळे मंडपवाल्याच्या गाद्या तेवढे महिने गोदामात पडून असतात. त्या गाद्या भिंतींना उभ्या लावल्या तर आवाज घुमणार नाही, असे अमृतच्या मनात होते.

“का रं, पुण्यात स्टुडिओ न्हाईत का?” रंगनाथांनी विचारले.

“हायेत की काका. पण तिथं आई बोलत नाही.”

“मग हितं तरी बोलंल का?”

“तुमच्याच गादीवर लग्नात बसलीय ती. बोलंल.”

मित्रांचा सल्लाही त्याने सांगितला. रंगनाथ हसले. “लग्नाला दोनी बाजूची मान्सं येत्यात. एकाच बाजूला पंगत वाढून दुसरीला उठा म्हनशील का?” दुहेरी अल्बमच्या बाजूने इतका सुबोध युक्तिवाद अन्यत्र झाला असेल असे मला वाटत नाही.

श्रावण-भाद्रपदात ते गोदाम गाद्यांचे गर्भागार झाले. सहादेवांनी दगडावर कोयत्याला धार लावली आणि तो आवाज ‘येतो’ या भागाचा ताल झाला. “जलमभर धार लावली,” ते म्हणाले, “पर आज पयल्यांदा कुनी म्हनलं, आबा, पुन्ना एकदा!” मोळी बांधताना आवळल्या जाणाऱ्या पाचटाचा करकराट, ट्रॉलीच्या साखळीचा खणखणाट, फळीवरून मोळी घेऊन चढणाऱ्या पायांचा ठेका, हे सारे अमृतने एकेक करून गोळा केले होते. ‘येतो’ पुरा झाला. ‘आलो’ मात्र एका गाण्यापाशी अडून राहिला.

ते गाणे बनुबाईचे होते. एका पौषात, आईवडील फडात असताना, ती म्हातारी गेली. दोघे पोहोचले तेव्हा सारे उरकले होते. त्या दिवसांविषयी लंकाबाई मुलाशी कधी एक अक्षर बोलल्या नव्हत्या. अमृतला ते त्यांच्याच आवाजात हवे होते. त्याच्या लेखी दुसरा भाग त्या बोलण्यावर उभा राहणार होता, नाहीतर तो नव्हताच. शेवटी, टोळीची गाडी निघायच्या आदल्या दुपारी, त्या कबूल झाल्या.

“एकदाच सांगन. पुन्ना इचारायचं न्हाई.”

अमृत आईसमोर जमिनीवर बसला. माईकमधला आवाज मिक्सरमधून लॅपटॉपात जात होता आणि हेडफोन रंगनाथांच्या कानाला होता. लंकाबाई बोलू लागल्या.

“माजं अन् म्हातारीचं कंदी पटलं न्हाई. त्या साली निघताना चुलीवरनं भांडान झालं. दर साली उंबऱ्यात थांबून ‘येते’ म्हनायचे. त्या साली म्हनलं न्हाई. तशीच गाडीत बसले...”

इथे त्या रडू लागल्या. रडता रडता बराच वेळ बोलतही राहिल्या. अमृत तेवढे सगळे ऐकत होता. मग पदराने तोंड पुसून त्या उठल्या, म्हणाल्या, “चला, भाकऱ्या बांधायच्यात,” आणि निघून गेल्या.

अमृतने लॅपटॉपवरचे ध्वनिमुद्रण मागे नेऊन ऐकले. ‘तशीच गाडीत बसले’ यानंतर काहीच नव्हते. रंगनाथांचा हात कळीवर होता आणि कळ तळाशी होती.

“काका, हे काय केलंत?”

रंगनाथांनी स्वतःच्या हाताकडे पाहिले. “हात गेला रे.”

“अहो, त्याच्यासाठीच तर सगळं चाललं होतं! लग्न आहे का हे? कुणाची अब्रू जात होती?”

रंगनाथांनी हेडफोन काढून पेटीवर ठेवला. दुसऱ्या दिवशी टोळी सातारा भागाकडे गेली. तुळशीची लग्ने लागली, गाद्या वऱ्हाडांकडे गेल्या आणि अमृत पुण्याला गेला तो अबोला धरूनच. त्याने ती जागा स्वतःच्या कडव्यांनी भरून पाहिली. आईचे शब्द त्याला आठवत होते, पण त्याच्या तोंडी ते उसने वाटत. अखेर त्याने निकिताला, रंगनाथांच्या मुलीला, कळवले की दुसरा भाग सोडून देतो, ‘येतो’ तेवढा काढतो.

निकिताने हे वडिलांना सांगितले. ऐन लग्नसराई असताना रंगनाथांनी सगळे काम तिच्यावर सोपवले, एक माईक आणि छोटे यंत्र पिशवीत घातले आणि एसटीने फड गाठला. आपल्या हातून गेलेले आपणच परत आणायचे, एवढाच हेतू.

लंकाबाई मोळ्या बांधत होत्या. त्यांनी पाहुण्याला तांब्याभर पाणी दिले आणि आल्याचे कारण ऐकले. पोराच्या कामाची आपण नासाडी केली, वहिनी, आणखी एकदा तेवढे बोला, असे रंगनाथांनी हात जोडून सांगितले. लंकाबाई हसल्या.

“भाऊ, इतक्या लांब ह्याच्यासाठी आलात व्हय? तिकडं मांडव पडला तर?”

“पडू द्या. पोरगं बोलत न्हाई माज्याशी.”

लंकाबाईंनी अर्धवट राहिलेली मोळी आवळली. मग म्हणाल्या, “त्याला म्हनावं, बोलले ते ऱ्हाऊ दे गावाला. रडले ते माजं हाय. तुमी झाकलंत, बरं केलंत.”

माईक पिशवीतून बाहेर आलाच नाही. रंगनाथ तसेच पुण्याला गेले आणि अमृतच्या खोलीच्या दारात उभे राहून निरोप जसाच्या तसा सांगून मोकळे झाले. अमृतने तो ऐकला, त्यांना आत घेतले, चहा ठेवला. आईला जे सांगायचे ते ती त्याला सांगून गेली होती. ऐकणारा तो एकटाच होता, आणि तिला तसेच हवे होते, हे त्या दारात त्याला उमगले. त्याने ती जागा रिकामीच ठेवली. तिथे तालही थांबवला, केवळ शांतता. मग संथपणे ताल परत येतो आणि अमृत एवढेच म्हणतो की उंबरा अजून तिथेच आहे.

दोन्ही भाग चैत्रात एकदमच प्रसिद्ध झाले. पुण्या-मुंबईकडच्या पुष्कळांनी ते मोबाईलवर ऐकले. काहींनी तक्रार केली की गाणे मध्येच बंद पडते, फाईल खराब दिसते. एका जाणत्या समीक्षकाने मात्र त्या शांततेला धाडसी प्रयोग म्हटले. निकिताने ते वाचून दाखवले, तेव्हा रंगनाथ म्हणाले, “प्रयोग कसला आलाय, सवय हाय.” अमृतने अल्बमवर आभार मानले होते ते या शब्दांत : ‘रंगनाथ काकांचे, त्यांनी आवाज बंद केला म्हणून.’

गावची जत्रा आली तेव्हा ऊसतोडीची माणसे परतली होती. देवळापुढच्या पटांगणात रंगनाथांनी आपले भोंगे उभे केले आणि अल्बम पहिल्यापासून लावला. कोयत्याचा ताल ओळखून लोकांनी शिट्ट्या मारल्या. सहादेवांना कोणीतरी खांद्यावर घेतले. मग ‘आलो’ लागला आणि त्यातले ते गाणे. लंकाबाई बायकांमध्ये बसल्या होत्या. ‘तशीच गाडीत बसले’ एवढे शब्द आले आणि भोंगे निःशब्द झाले.

“रंगनाथराव, लाईट गेली काय? वायर बघा!” मागून एकजण ओरडला.

रंगनाथांनी मिक्सरवरचा हात उचलून वर धरला. इतक्या वर्षांत कार्यक्रम चालू असताना तो हात उचललेला कोणी पाहिला नव्हता. ओरडणारा खाली बसला. दर साली उंबऱ्यात थांबून निघणारी ती सगळी माणसे होती, त्या शांततेत काय बोलले गेले असेल हे त्यांना सांगावे लागले नाही. बायकांच्या बाजूने एक हुंदका ऐकू आला, मग आणखी एक. त्यात लंकाबाईंचा होता की नाही, मला ठाऊक नाही. तिथे माईक नव्हता.

ताल परत सुरू झाला तशी शेजारणीने लंकाबाईंना कोपराने ढोसले. “लंके, मोठी गायनारीन झालीस की!” “गप गं,” त्या म्हणाल्या, “भेळ तरी दे खायला.” जाताना त्या रंगनाथांपाशी थांबल्या. “येते भाऊ,” म्हणाल्या आणि बायकांबरोबर चालू लागल्या.

त्याच वर्षी भाद्रपदात, बैलपोळा होऊन थोडे दिवस झाले असतील, रंगनाथ हृदयविकाराने गेले. दशक्रियेला गाव लोटले. भोंगा त्यांचाच होता आणि मिक्सरपाशी निकिता बसली होती. श्रद्धांजलीसाठी अमृत उभा राहिला. शब्द जुळवण्यात ज्याची हयात चालली आहे, त्याला दुसऱ्या वाक्यापलीकडे जाता येईना. त्याचा आवाज फुटला, आणि तो फुटलेला आवाज मागच्या रांगांपर्यंत पोहोचला नाही.

निकिताला मी पुढे विचारले, वडिलांनी हे शिकवले होते का? ती म्हणाली, “न्हाई गुरुजी. हात गेला.”

रंगनाथ कानगुडे आता नाहीत. त्या गाण्यातली शांतता आहे, आणि तो हात आहे.