व्याह्यांनी उघडलेली स्कूटर

जगात ज्या काही वस्तू आज धडधाकट चालू आहेत, त्या माझ्या व्याह्यांच्या हाती अजून लागलेल्या नाहीत, एवढंच त्यामागचं कारण आहे. हे मी रागाने म्हणत नाही. ते माझ्या मुलीचे सासरे आहेत, आणि मुलीच्या सासऱ्यांवर रागावण्याची आमच्याकडे पद्धत नाही. लग्नाच्या बैठकीत मुलीचा बाप मान खाली घालून बसतो, ती मान पुढे आयुष्यभर थोडीशी खालीच राहते. मुलगी सुखात आहे, जावई सज्जन आहे, विहीणबाई प्रेमळ आहेत. राहता राहिले व्याही. हातात पाना नसला की तेही अत्यंत सुस्वभावी गृहस्थ आहेत. अडचण इतकीच की पाना बहुतेक वेळा असतो.

व्याही मूळचे बागलाणातले, नामपूरचे. नोकरी मात्र सगळी नाशकात, एसटी स्टँडवर, गाड्यांची घोषणा करायच्या खिडकीत गेली. निवृत्त झाले तेव्हा माईक तिथेच ठेवून आले, आवाज तेवढा घरी घेऊन आले. त्यामुळे त्यांच्या घरात कुठलीही गोष्ट नुसती होत नाही, ती आधी जाहीर होते. चहा आला की "चहा फलाटावर लागत आहे" असं ते बसल्या जागेवरून सांगतात आणि स्वतःच सरसावून बसतात. आमच्या मुलांच्या लग्नात पंगत बसताना कुणाला काही सुचेना, तेव्हा हे वरपिता असूनही उठले आणि म्हणाले, "येवल्याहून आलेली मंडळी डाव्या हाताच्या रांगेत बसत आहेत. मंडळींनी आपापल्या सामानाची काळजी स्वतः घ्यावी." येवल्याची मंडळी म्हणजे माझी सासुरवाडी. त्यांनी खरोखरच पिशव्या मांडीवर घेतल्या आणि जिलबी येऊन गेली तरी खाली ठेवल्या नाहीत.

निवृत्तीनंतर त्यांनी दुरुस्तीचा ध्यास घेतला. सुरुवात स्वतःच्या घरातल्या मिक्सरपासून झाली. त्यांनी तो उघडला, पुसला, परत जोडला. त्यानंतर बटण दाबलं की भांडं जागच्या जागी राहायचं आणि मिक्सर फिरायचा. एकदा तर तो ओट्यावरून निघून फ्रिजपर्यंत गेला. विहीणबाईंनी त्या दिवशी त्यांना घरात पाना धरायची बंदी केली. तेव्हा ज्या घरात त्यांना नाही म्हणायची कुणाचीच छाती नाही असं घर ते शोधू लागले. इंदिरानगरात असं घर एकच होतं, आणि ते त्यांच्या घरापासून दोन गल्ल्यांवर होतं. माझं.

मग ते हत्यारांची कापडी पिशवी घेऊन आमच्याकडे येऊ लागले. आमच्या दाराची बेल त्यांनीच दुरुस्त केली. तेव्हापासून न्हाणीघरातला दिवा लावला की ती वाजते. दाराशी पाहुणे आले तर आम्हाला पत्ता लागत नाही, पण आलेल्यांपैकी कुणी हात धुवायला आत गेलं की आम्ही दोघं धावत दार उघडतो. प्रत्येक दुरुस्तीनंतर त्यांच्याकडे तीन-चार स्क्रू उरतात. ते बिस्किटांच्या रिकाम्या डब्यात टाकत ते म्हणतात, "कंपनीवाले हल्ली फार उधळे झालेत. गरज नसताना टाकतात." मी मान डोलावतो. मुलीकडच्याने डोलवायचीच असते. माझी बायको आतून माझ्याकडे बघते आणि डोळ्यांनीच दटावते, की पोरीच्या सासरचे आहेत, काही बोलू नका.

त्यांच्या तीन भाषा आहेत, हे मला बऱ्याच वर्षांनी उमगलं. चारचौघांत ते स्टँडवरचं मराठी बोलतात. माझ्याशी साधं, सभ्य, व्याह्याला शोभेल असं बोलतात. आणि अहिराणी, म्हणजे त्यांच्या आईची भाषा, ती फक्त न निघणाऱ्या बोल्टशी. एखादा बोल्ट गंजून बसला की ते त्याच्यावर ओणवे होतात आणि खालच्या आवाजात त्याची समजूत घालतात. "निंघ ना भो. काय व्हयनं तुले?" विहीणबाई सांगतात की लग्नाला इतकी वर्षं झाली, पण माझ्याशी एकदाही इतक्या मायेने बोलले नाहीत. बोल्ट बऱ्याचदा ऐकतो, हेही खरं.

तर आमच्या दोघांची नात, सई. तिच्याकडे एक स्कूटर होती. पेट्रोलची नव्हे, पायाने ढकलायची. एका फळीवर एक पाय ठेवायचा, दुसऱ्याने जमीन मागे सारायची, हातात उभं हँडल. ती त्या स्कूटरवरून दूध आणायची, जॉगिंग ट्रॅकच्या कडेकडेने मला भेटायला यायची, आणि आईने घरात यायला सांगितलं की पार्किंगमधून तिसरी चक्कर मारून मग यायची. ती निघाली की व्याही गॅलरीतून जाहीर करायचे, "सईची गाडी नानांच्या घराकडे सुटत आहे." नाना म्हणजे मी, आबा म्हणजे ते. शिवाय न धुतलेली गाडी फलाटावर लावायची नाही, हा त्यांचा जुना दंडक, म्हणून रोज सकाळी ते त्या स्कूटरला नळीने अंघोळ घालत. परिणामी हँडलच्या आतल्या बेअरिंगमध्ये पाणी गेलं, गंज चढला आणि हँडल खुळखुळायला लागलं. शिवाय वळवताना मध्येच अडायचं. पावसाळी हवा, असं निदान व्याह्यांनी केलं. तेव्हा मार्च चालू होता.

नेमकी त्याच सुमारास जावयांची बंगळूरला बदली झाली. सामान बांधायला सुरुवात झाली. माझी मुलगी म्हणाली, "ही खटारा स्कूटर राहू दे, तिकडे नवी घेऊ." सईने हातातला लाडू खाली ठेवला आणि म्हणाली, "ही नीट झाल्याशिवाय मी कुठेच येणार नाही." सगळे हसले. व्याही हसले नाहीत. त्यांनी चष्मा लावला, स्कूटर काखेत मारली आणि सरळ माझ्या घरी आले.

आमच्या दारापुढच्या ओट्यावर गोणपाट पसरून त्यांनी ती उघडली. काम तसं सोपं होतं. वरचा बोल्ट सैल केला की हँडल वर निघतं आणि पुढचं चाक दांड्यासकट खाली उतरतं. मधल्या नळीच्या वरच्या आणि खालच्या तोंडाशी एकेक लोखंडी वाटी असते, आणि प्रत्येक वाटीत एक बेअरिंग. बेअरिंग म्हणजे गोल जाळीत ओळीने बसवलेले छर्रे. आमचे छर्रे गंजून तपकिरी झाले होते, दोन तर हातातच आले. ते कागदात गुंडाळून आम्ही दोघं शालिमारजवळच्या एका सायकलवाल्याकडे गेलो. त्याने तसलीच दोन नवी बेअरिंगं काढून दिली आणि जाळी बोटावर फिरवत आम्हाला दाखवलं. "छर्रे वाटीकडे ठेवा, जाळीची पाठ बाहेर. उलटी बसली तर हँडल घासणार. ध्यानात ठेवा, काका." व्याह्यांनी त्याचं म्हणणं त्याला घोषणेच्या आवाजात परत म्हणून दाखवलं. दुकानातल्या एका गिऱ्हाईकाने बस कधीची आहे म्हणून विचारलं.

घरी येऊन त्यांनी वाट्या पुसल्या, बोटाने ग्रीस भरलं आणि पहिली जाळी बसवली. उलटी. मग दुसरी बसवली, तीही उलटी. छर्रे बाहेर, पाठ वाटीत. मी शेजारी फडकं धरून बसलो होतो. मला ते इतकं स्पष्ट दिसत होतं की मी नजर दुसरीकडे वळवली. आता तुम्ही म्हणाल, सांगायचं. पण कसं सांगायचं? व्याह्यांच्या मिक्सरने ओटा सोडला तेव्हा मी बोललो नाही, माझी बेल न्हाणीघरात गेली तेव्हा बोललो नाही, आणि दोन छर्ऱ्यांच्या जाळ्यांसाठी मुलाकडच्यांना चुकलात म्हणू? मी फडकं पुढे केलं. त्यांनी सगळं जोडून आवळलं आणि हँडल फिरवलं. ते करकरत अर्ध्यात थांबलं. "अजून थोडं काम आहे," ते सईला म्हणाले. सई पायरीवर बसून होती. ती म्हणाली, "चालेल."

दुसऱ्या दिवशी त्यांनी परत उघडली, परत ग्रीस भरलं, परत उलटी बसवली. त्यानंतरही तेच. दरम्यान त्यांच्या घरातली कपाटं रिकामी होत होती, खोक्यांवर चिकटपट्ट्या बसत होत्या आणि जावई फोनवर ट्रकवाल्याशी बोलत होते. आणि आमच्या ओट्यावर रोज दुपारी स्कूटर उघडी पडायची. सई शाळेतून थेट आमच्याकडेच यायची. व्याही तिच्या हातात स्क्रू द्यायचे, ती एकेक मोजून डब्यात टाकायची, मी शेंगदाण्याचे लाडू द्यायचो. हँडल करकरलं की ती खूश होऊन दुसरा लाडू मागायची. मला वाटलं, वय झालं बिचाऱ्यांचं. स्टँडवर सगळ्या गाड्या ज्यांना तोंडपाठ असायच्या, त्यांना एका जाळीची बाजू आठवत नाही. मला फार वाईट वाटायचं, आणि बायको आतून डोळ्यांनी दटावायची.

निघण्याच्या आदल्या दुपारी मात्र माझा धीर सुटला. ट्रक सामान घेऊन गेला होता, उद्या सकाळी गाडीने निघायचं ठरलं होतं, आणि स्कूटर तशीच उघडी. सई आत माझ्या बायकोजवळ झोपली होती. व्याह्यांनी जाळी उचलली, नेहमीसारखी उलटी धरली आणि वाटीशी नेली.

"व्याहीबुवा," मी म्हणालो, "राग मानू नका. जाळी उलटी बसते आहे."

त्यांनी मान वर केली नाही. "कुठली? खालची का वरची?"

"दोन्ही."

"पहिल्या दिवसापासून?"

"हो."

"मग पहिल्याच दिवशी का बोलला नाहीत?"

"मुलीकडचा ना मी."

ते बराच वेळ बोटाचं ग्रीस फडक्याला पुसत राहिले. बोट केव्हाच स्वच्छ झालं होतं. मग ओणवे झाले आणि खालच्या आवाजात बोलले. मला वाटलं बोल्टशी बोलतायत. पण बोल्ट तर सगळे निघून डब्यात पडले होते.

"माले म्हाईत शे," ते म्हणाले. "सरळ बसाडी तं पोर निंघी जाई ना भो."

त्यांनी माझ्याशी ती भाषा कधी काढली नव्हती. पोर निघून जाईल म्हणून ते जाळी उलटी बसवत होते, आणि मी रोज समोर बसून बघत होतो. मर्यादा, मान, मुलीकडचा बाप, हे सगळं खरं. पण मलाही ती जायला नकोच होती. हँडल करकरलं की सईइतकंच मलाही बरं वाटायचं, हे मला त्या क्षणी कळलं.

"तिचं काहीतरी बरं होईल तिकडे," मी म्हणालो.

"होईल की." त्यांनी जाळी माझ्यापुढे धरली. "तुम्हीच बसवा. माझ्या हाताने सरळ बसत नाही."

व्याह्यांनी आपल्या हातातलं काम माझ्या हाती दिलं, असं त्याआधी घडलेलं नव्हतं. मी छर्रे वाटीकडे केले, अंगठ्याने दाबले, वरून ग्रीस लावलं. त्यांनी चाकाचा दांडा खालून सरकवला, हँडल चढवलं आणि बोल्ट आवळला. एकही स्क्रू उरला नाही. आम्ही दोघांनी डब्यात पुन्हा पुन्हा डोकावून पाहिलं.

सकाळी सईने पार्किंगमध्ये हँडल डावीकडे वळवलं, उजवीकडे वळवलं. काही वाजलं नाही, कुठे अडलं नाही. "झाली नीट," ती म्हणाली, पण फारशी आनंदली नाही. जावयांनी स्कूटर डिकीत ठेवली. सई मागच्या काचेतून आबांकडे बघत राहिली, घोषणेची वाट पाहत. व्याह्यांनी घसा खाकरला, "प्रवाशांनी कृपया" एवढं म्हणाले आणि खाली वाकून मागच्या चाकातली हवा तपासू लागले. हवा भरपूर होती. त्यांच्या देखत एक गाडी घोषणेवाचून सुटली. गाडी कोपऱ्यावर वळेपर्यंत ते तसेच वाकलेले होते. मग विहीणबाईंनी त्यांना दंडाला धरून घरात नेलं.

आता ते पूर्वीसारखेच आमच्याकडे येतात, पण पिशवी बहुतेक वेळा उघडत नाहीत. जुन्या बेअरिंगची एक जाळी त्यांनी ठेवून घेतली आहे. गप्पा मारताना ती बोटावर फिरवत असतात, आणि ती अडखळत फिरते. परवा संध्याकाळी आम्ही ओट्यावर बसलो असताना सईचा व्हिडिओ कॉल आला. शाळा, मैत्रिणी, वरणात गूळ घालतात, असं सगळं सांगून झालं. मग ती गंभीर होऊन म्हणाली, "आबा, हँडल परत खुळखुळतंय."

मागून माझ्या मुलीचा आवाज आला, "काही खुळखुळत वगैरे नाही हं, बाबा."

"फोन हँडलजवळ धर," व्याही म्हणाले. "आता फिरव."

सईने हँडल या टोकापासून त्या टोकापर्यंत फिरवलं. आम्ही दोघं फोनला कान लावून ऐकत होतो. लोण्यातून सुरी फिरावी तसं ते फिरलं. रस्त्यावरून एक रिक्षा गेली, तिचा आवाज आला. बाकी काही नाही.

"आवाज आहे," व्याही घोषणेच्या स्वरात म्हणाले. मग माझ्याकडे वळले. "व्याहीबुवा, तुम्हाला आला का ऐकू?"

मुलाकडच्यांना नाही म्हणायची आमच्याकडे पद्धत नाही.

"स्पष्ट," मी म्हणालो, आणि आत जाऊन बायकोला प्रवासाची बॅग माळ्यावरून खाली काढायला सांगितली.