आई माझ्यामागे उभी होती
माझ्या माहितीपटांत मीच दिसतो, याचं शहरात फार कौतुक व्हायचं. कुणी म्हणे धाडस, कुणी म्हणे शैली. कसली डोंबलाची शैली! नव्वदनंतरची ती वर्षं, सोबतीला कुणी नाही, आणि गावची माणसं कॅमेरा दिसला की पाठ फिरवायची. मग स्टँड लावायचा, बटण दाबायचं आणि पळत जाऊन स्वतःच समोर उभं राहून बोलायला लागायचं. बेल्ह्याच्या बैलबाजारात शेपट्यांचे फटके खात मी असाच बोलत राहिलो.

पुढं काही वर्षांनी आई गेली. तिचा एकटीचा फोटोच नव्हता. आळेफाट्याच्या स्टुडिओवाल्यानं लग्नातल्या घोळक्यातून तिचा चेहरा उचलला, खाली जरीचा शालू चिकटवला आणि फ्रेम करून दिली. दादांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, ती भिंतीकडं तोंड करून ठेवली.

"ही कोन बया आनली? तिनं कवा नेसला व्हता असला शालू?" मग जरा वेळानं म्हणाले, "तू एवढ्या गावांची फिलम काढली. त्यात कुठंतरी आसंल की ती. मला एकदा चालता-बोलताना बघू दे."

मी सगळ्या टेपा काढल्या. बैलाशेजारी मी, ट्रॅक्टरवर मी, विहिरीच्या काठावर मी. स्वतःचं थोबाड बघून बघून शिसारी आली. शेवटी एक तुकडा सापडला, राजुरीतल्या आमच्याच कांद्याच्या वावरातला.

मी तावातावानं बोलतोय. लांबून आई येते, डोक्यावर भाकरीची पाटी. चेहरा काही दिसत नाही. कॅमेरा बघून ती बिचकते आणि आपण मधे येऊ नये म्हणून बरोब्बर माझ्या पाठीमागं येऊन थांबते. माझं भाषण काही संपत नाही. तोवर तिच्या पाटीची कड तेवढी माझ्या खांद्यावरून दिसत राहते.

मग आवाज येतो, "झालं का रं? भाकर गार व्हतीय."

"आई, मधी बोललीस ना! आता परत घ्यावं लागंल," मी वैतागतो आणि कॅमेरा बंद करायला बाजूला होतो. तेव्हा कुठं ती दिसते. तोंडाला पदर लावून हसतेय. लगेच माझा शर्ट आडवा येतो, आणि संपलंच.

दादा टीव्हीच्या अगदी जवळ सरकले. "पुन्यांदा लाव."

मी पुन्हा लावलं. पुन्हा लावलं. मला रडू आवरेना. त्यांचं माझ्याकडं लक्षच नव्हतं. ते टीव्हीतल्या मला सांगत होते, "सरक की रं बाजूला. दिसू दे की तिला." आणि ती दिसली रे दिसली, की हात पुढं करून काकुळतीनं म्हणायचे, "आरं, थांब! बंद नको करू!"

तो मी एकदाही थांबला नाही.