बिनदुधाची खीर

काल जर्सी सिटीतल्या माझ्या लहानशा किचनमध्ये गुलाबपाण्याची बाटली उघडली आणि त्या वासासरशी मला आठ वर्षांपूर्वीचं, शिकत असतानाचं अपार्टमेंट आठवलं.

माझी इराणी रूममेट परीसा त्या दिवशी शोलेझर्द करत होती. तेहरानमध्ये तिच्या आईचं दुसऱ्या दिवशी ऑपरेशन होतं. आई बरी व्हावी म्हणून हा केशर आणि गुलाबपाणी घातलेला गोड भात शेजाऱ्यांना वाटायचा नवस तिनं बोलला होता. तांदूळ शिजून अगदी मऊ झाले होते. "जरा ढवळत राहा. ढवळताना मनात काहीतरी मागायचं असतं," असं सांगून ती फोन घ्यायला बाहेर गेली.

मला वाटलं, ही दूध घालायला विसरली. मी न विचारता दोन कप ओतलं.

परत आल्यावर तिनं पातेल्यात पाहिलं. "यात दूध नसतं गं," ती म्हणाली, आणि मग हसली. "असू दे. देवाला सांगेन, मदतीला इंडियन मुलगी होती."

मी धड सॉरीही म्हणाले नाही. नवस मोडला असला तर, या भीतीनं मी तिला टाळू लागले. सेमिस्टर संपल्यावर ती घर सोडून गेली.

तेव्हा वाटायचं, ती रागावली आहे. पण रागावलेलं माणूस रोज संध्याकाळी दोघींचा चहा करून टेबलाशी थांबत नाही. तिची आई कशी आहे, एवढंच मी विचारायचं होतं. ते मी आजपर्यंत विचारलेलं नाही.