अडतीस सेकंदांची मुलाखत

माझ्या धाकट्या बहिणीचा नवरा घड्याळजी. आम्ही त्यांना दाजी म्हणतो, आणि आता गिऱ्हाइकंसुद्धा तेच म्हणतात. जिन्याखालच्या त्यांच्या दुकानात दोन माणसं शिरली, तर एकाला श्वास रोखून उभं राहावं लागतं. अशा माणसाने कोर्टात एक अख्खं कॉलेज उताणं पाडलं म्हटलं, की लोक हसतात. हसू देत. मी होतो ना तिथे. आणि कॉलेज कसलं, तर कायद्याचं.

भाचीला वकील व्हायचं होतं. लेखी परीक्षेत ती तिसरी आली. मग उरली तीस गुणांची मुलाखत. त्या दिवशी दाजी आणि मी तिच्याबरोबर गेलो आणि बाहेरच्या बाकावर बसलो. दाजींच्या खिशात दुरुस्त केलेलं एक घड्याळ होतं. दुरुस्त झालेलं घड्याळ दिवसभर जवळ बाळगायचं, आपल्या घड्याळाशी ताडून बघायचं आणि मगच परत द्यायचं, ही त्यांची रीत. बसल्या बसल्या ताडणार कशावर? त्यांनी समोरचं दार धरलं. उमेदवार आत गेला की त्याचं पुकारलेलं नाव आणि दोन्ही घड्याळांवरची वेळ चिठ्ठीवर लिहायची, बाहेर आला की पुन्हा वेळ लिहायची.

"दाजी, लोक बघतायत," मी म्हटलं.

"बघू देत की. हे पुढं जातंय का मागं पडतंय, ते कळायला नको?"

चाळीस जणांत चिठ्ठी दोन्ही बाजूंनी भरली.

यादी लागली. भाचीला तीसपैकी तीन. संस्थेच्या अध्यक्षांचा पुतण्या लेखीत तळाला होता, त्याला एकोणतीस. बहीण म्हणाली, "दादा, मोठ्यांच्या नादी लागायला सांगू नकोस हं यांना." मी कशाला सांगतोय? दाजी चिठ्ठी उलगडून आधीच बसले होते. पुतण्या आत होता अडतीस सेकंद, आणि त्यातच दार उघडणं नि लावणं आलं. एवढ्या वेळात मला चष्माही सापडत नाही. या पठ्ठ्याचं व्यक्तिमत्त्व मात्र मुलाखत घेणाऱ्यांना सापडलं.

एका वकीलबाईंनी ती चिठ्ठी जोडून याचिका दाखल केली. कॉलेजने शपथेवर उत्तर दिलं, की प्रत्येक उमेदवाराची किमान दहा मिनिटं सखोल मुलाखत झाली. मी खेड्यातल्या शाळेत शिकलो, पण पाढे छडी खाऊन पाठ केलेत. चाळीस जणांना दहा-दहा मिनिटं म्हणजे सहा तास चाळीस मिनिटं. ही मंडळी अकराला बसली आणि एकला दहा कमी असताना जेवायला गेली, ती परत फिरकलीच नाही.

कॉलेजचे वकील मोठे नावाजलेले. ते मंद हसून म्हणाले, "साहेब, कुणाच्या तरी मोडक्या घड्याळावरून कॉलेजची अब्रू ठरवायची का?"

न्यायाधीशांनी दाजींना उभं केलं. "कुणाचं होतं ते घड्याळ?"

"प्राचार्यांचं, साहेब. मुलाखती संपल्यावर त्यांनाच दिलं. अगदी बिनचूक चालतंय म्हणाले. आत्ताही हातात आहे त्यांच्या."

पुढच्या बाकावरच्या प्राचार्यांनी सदऱ्याची बाही खाली ओढली. ओढली म्हणून तर सगळ्यांनी तिकडे पाहिलं.

"तुमची त्यांची ओळख होती, मग मुलगी तुमची आहे हे का नाही सांगितलंत?"

"मुलाखत तिची होती, साहेब," दाजी म्हणाले.



मुलाखतीचे गुण रद्द झाले. लेखीच्या गुणांवर नवी यादी लागली. भाची तिसरी, आणि पुतण्या तळाला, आपल्या हक्काच्या जागी.

प्रवेशाला आम्ही तिघं गेलो. कारकुनाने खिडकीतून छापील अर्ज सरकवला. 'मी कॉलेजचे सर्व नियम पाळीन.' खाली दोन रेघा होत्या, एक विद्यार्थ्याच्या सहीला, एक पालकाच्या. दाजींनी तो शेवटच्या ओळीपर्यंत वाचला. मागे रांग कुरकुरायला लागली.

"आणि कॉलेजने नियम पाळायची सही कुठे करायची?" त्यांनी विचारलं.

"तशी रेघच नाही हो यात," कारकून म्हणाला.

भाचीने पेन बापाच्या हातात दिलं. "बाबा, तुम्ही तुमची करा. ती रेघ मी शिकून आले की मारून घेते."