धुऱ्याखालचा कोळसा

वसतिगृहासमोरचा इस्त्रीवाला निखाऱ्यांवर पाणी शिंपडतो आणि ओल्या कोळशाच्या त्या वासाने मी जानेफळच्या आमच्या वावरात पोचतो.

मी लहान असताना शेजारच्या गुलाबरावांनी धुऱ्याचा, म्हणजे बांधाच्या हद्दीचा, दगड आमच्या वावरात सरकवला होता. "दगड काय खोटं बोलते, वहिनी?" ते पंचांसमोर हसले.

आईने तो दगड उलथवला. "जुन्या लोकायनं धुऱ्याच्या दगडाखाली खुणेसाठी कोळसा पुरला. याच्याखाली काऊन नाही, भाऊजी?"

मग तिने जुन्या जागी कुदळ मारली. ओल्या मातीतून काळे तुकडे निघाले. पंचांनी ते हातात घेऊन पाहिले आणि माना डोलावल्या.

"उद्या पाहू," गुलाबराव म्हणाले.

"आताच उचला. तोवर मी हालत नाही."

भीतीने मी तिचा पदर ओढत होतो, "माय, चाल न घरी." आज वाटतं, तेव्हा मीही तिच्याशेजारी उभं राहायला हवं होतं. दगड जागेवर येईपर्यंत.