येरोणी आणि रेवतामावशी

रेवतामावशी काहीही सांगायला लागल्या की ते त्यांना कोणी शिकवलं, हे आधी सांगत. "भाजीत चिंच मांगून टाकाची, हे मले माया नणदेनं सांगतलं." "त्या वाटेनं नोका जाऊ जी, तिथं आग्या मोहोळ रायते, हे मले आमच्या सुभानच्या बापानं दाखवलं." सुभान हा त्यांचा मुलगा, आणि त्याचा बाप म्हणजे मावशींचे कधीच वारलेले यजमान. एकदा शेजारणीशी त्यांचं कडाक्याचं वाजलं. भर भांडणात मावशींनी एक ठेवणीतली शिवी हासडली आणि त्याच दमात म्हणाल्या, "हे शिवी मायी नाही वो, मामसासऱ्याची हाये." शेजारणीला हसू फुटलं आणि भांडण तिथंच बारगळलं. शिवी भारी होती खरी. मी इथं लिहीत नाही.

मी मूळचा पवनीकडच्या आसगावचा, म्हणजे धानाच्या बांध्यांतला आणि तलावाच्या पाळीवरचा. बदली होऊन नाकाडोंगरीच्या बाजूच्या एका गावात शाळेवर आलो तेव्हा जंगल मला लांबूनच माहीत. दुसऱ्याच दिवशी एक उंच, काटकुळी, पन्नाशी उलटलेली बाई शाळेच्या पडवीत आली. मूठ उघडून तिनं माझ्यापुढं धरली. ज्वारीच्या दाण्याहून थोडी मोठी, काळी चकचकीत फळं होती.

"गुरुजी, तुमच्या गावाले याले काय म्हनतेत?"

"रानबोर," मी ठोकून दिलं.

"रानातलं समदंच रानबोर हाये जी. नाव सांगा."

मला नाव येत नव्हतं. पुढच्या सुट्टीत आईला विचारलं, तर तिनं सुपातून डोकं वर न काढता सांगितलं, "येरोणी." मी परत येऊन मोठ्या तोऱ्यात मावशींना ते ऐकवलं. इथल्या गावातही येरोणीच म्हणत. त्या खूश होतील असं मला वाटलं होतं. त्यांनी विचारलं, "तुमची माय कोनापासून शिकली?" ते मी विचारलं नव्हतं. "मंग अर्धंच आनलं," म्हणाल्या आणि निघून गेल्या.

ज्यांनी येरोणी पाहिली नाही त्यांच्यासाठी सांगतो. बोरीच्याच जातीचं हे झुडूप, पण वेलासारखं दुसऱ्या झाडांवर रेलणारं. काटे आकड्यासारखे मागं वळलेले. मार्गशीर्ष-पौषात फळ काळं होतं. गर नावाला, बी मोठी, चव आंबटगोड. पोटभर खाण्याचं हे फळ नाही, पण एकदा खायला बसलं की हात थांबत नाही. आमच्या या शाळेच्या गावामागच्या टेकडीवर येरोणीची जाळीच जाळी, म्हणून टेकडीचं नावच येरोणीची टेकडी. गावातल्या बाया तिथून येरोण्या, मोहफुलं, तेंदूपत्ता आणत. हिवाळ्यात तुमसरच्या बाजारात मावशींची टोपली ठरलेली असे.

गावात नवी सून आली की आठवड्याच्या आत मावशी मूठभर येरोण्या घेऊन तिच्या दारात हजर. "तुह्या मायेरी याले काय म्हनतेत?" कोणी चनबोर सांगे, कोणी बुरगी. त्यांची स्वतःची सून बालाघाटकडची, ती मकोय म्हणे. माझी बायको नागपूरची. तिला मकोय म्हणजे कुंपणाच्या कडेला उगवणारी, काविळीवर देतात ती वनस्पती. दोघींची आमच्या ओट्यावर चांगलीच जुंपली. मावशींनी दोघींचं ऐकून घेतलं. "नाव मायेरावून येते, फळ सासरचं रायते," म्हणाल्या, आणि दोघींना दोन मुठी देऊन गेल्या.

हे नाव आलं कुठून, याबद्दल ज्याचं त्याचं वेगळं होतं. गावातले जुने लोक सांगत, येरोना नावाची एक पोरगी जाळीत अडकून तिथंच राहिली, तिची ही फळं. एका एसटी कंडक्टरनं मला सांगितलं, की गोंडीत येर म्हणजे पाणी, तोंडाला पाणी आणते ती येरोणी. मी पडलो मराठीचा मास्तर. जुन्या मराठीत येर म्हणजे दुसरा, इतर. तेव्हा खरी बोर ती बोर आणि ही दुसरी ती येरोणी, असं मी ठरवून टाकलं होतं. मावशी प्रत्येकाचं ऐकत. "असंन. पर तुमाले कोनं सांगतलं?" कंडक्टरकडे उत्तर होतं, त्याच्या आजीनं. माझ्याकडे नव्हतं. मी ते स्वतःच जुळवलं होतं.

त्यांना स्वतःला हे नाव सोमीबाईनं शिकवलं होतं. मावशी तेरा-चौदा वर्षांच्या असताना लग्न होऊन आल्या आणि पहिल्याच हिवाळ्यात टेकडीवर जाळीत अडकल्या. जितकं ओढावं तितकं लुगडं फाटत होतं. तेव्हा टेकडीच्या उतारावर गोंडांचा टोला, म्हणजे लहानशी वस्ती, होता. तिथली सोमीबाई आली आणि म्हणाली, पुढं ओढू नको, मागं सर. मावशी मागं सरल्या तसे काटे आपोआप सुटले. मग सोमीबाईनं त्यांच्या तळहातावर फळं ठेवून नाव सांगितलं. त्याआधी आमच्या गावात त्याला नुसतं जंगली बोर म्हणत, असं मावशी ठामपणे सांगत. पुढं जवळची मँगनीजची खाण वाढली, माती टाकायला जागा लागली आणि टोला उठवला गेला. नाल्यापलीकडे, दुसऱ्या ग्रामपंचायतीच्या हद्दीत त्यांना जागा मिळाली. टेकडी इकडे राहिली, माणसं तिकडे. तरी टोल्यातल्या बाया हंगामात टेकडीवर येत आणि आमच्या बायांबरोबरच येरोण्या तोडत.

काही वर्षांपूर्वी गावानं त्या टेकडीवर सामूहिक वनहक्काचा दावा करायचं ठरवलं. नाही केला तर टेकडीला तारेचं कुंपण पडणार, अशी बातमी होती. कागद लिहायचं काम माझ्याकडे आलं. आमचं गाव तिथं तीन पिढ्यांपासून जातं, याचा पुरावा हवा होता. मी झपाटल्यासारखा कामाला लागलो. त्यातलं एक पान माझ्या खास आवडीचं होतं. टेकडीला येरोणीची टेकडी हे नाव आमच्या पूर्वजांनी दिलं, येर या जुन्या मराठी शब्दापासून, असं मी त्यात झोकात लिहिलं. सरपंचांना ते फार पसंत पडलं. टोल्याचा उल्लेख कुठंच नव्हता. तो घालायचा का, असं मी विचारलं तेव्हा सरपंच म्हणाले, "गुरुजी, त्याहीचं नाव घातलं त अर्धी टेकडी गेली समजा. त्याहीनं आपला दावा करावा न." मला ते पटलं नव्हतं. पण मी गप्प बसलो, आणि गप्प बसण्यात मी लहानपणापासून पटाईत आहे.

सर्वांत जुनी जाणकार म्हणून मावशींचा जबाब जोडायचा होता. मी त्यांना सगळं वाचून दाखवलं. नावाच्या पानावर त्या थांबल्या.

"हे काढा जी. हे नाव आपलं नाही. सोमीबाईनं शिकवलं."

"मावशी, एवढं कोण पाहतो? टेकडी वाचली म्हणजे झालं."

"मी पायतो न," त्या म्हणाल्या. अंगठा मात्र त्यांनी लावला. मी ते पान काढीन, असा त्यांचा माझ्यावर विश्वास होता. मी काढलं नाही.

चौकशीला साहेब आले ते थेट टेकडीवर. सकाळची वेळ, निम्मं गाव जमलेलं. साहेब भला माणूस होता. त्यानं कागद चाळले आणि मावशींना अदबीनं विचारलं, "आजी, या टेकडीला येरोणीची टेकडी पहिल्यांदा कोण म्हणायला लागलं?"

मावशींनी नाल्यापलीकडे हात केला. "ते लोक. इथं त्याहीचा टोला होता. आमाले त्याहीनंच शिकवलं. हे टेकडी त्याहीची बी हाये साहेब. लिवून घ्या."

सरपंचांचा चेहरा उतरला. बाया एकमेकींकडे पाहू लागल्या. साहेबानं पेन काढलं आणि माझ्याकडे पाहिलं, कारण कागदावर अक्षर माझं होतं. मी म्हणालो, "साहेब, वय झालंय त्यांचं. हल्ली विसरतात. कशाचं काय सांगतात."

मावशी माझ्याकडे वळल्या. त्या चिडलेल्या नव्हत्या, चिडल्या असत्या तर बरं झालं असतं. त्यांनी अगदी सरळ आवाजात विचारलं, "गुरुजी, हे तुमाले कोनं शिकवलं?"

कोणी तरी हसलं. साहेबानं काही तरी लिहिलं आणि पुढं चालू लागला. दावा मंजूर झाला, एकट्या आमच्या गावाच्या नावानं. गावात गुलाल उधळला गेला, आणि माझा शाल देऊन सत्कार झाला तो मी घेतला.

पुढच्या हिवाळ्यात टोल्यातल्या बाया टेकडीवर आल्या तेव्हा आमच्या गावच्या पोरांनी त्यांना वाटेतूनच परत पाठवलं. आणि मावशींचं काय झालं ते सांगायला मला जड जातं. गावानं माझं वाक्य उचललं. मावशींवर कोणी रागावलं नाही, उलट सगळे त्यांच्याशी गोड वागायला लागले. दुकानदार भाव दोनदा सांगे. सून चुलीजवळची काडेपेटी लपवून ठेवी. नव्या सुनांच्या दारात त्या गेल्या की सासू आतून म्हणे, "बस वो बुढे, चहा घे," आणि सुनेला डोळ्यानं खुणावे. कोणीच त्यांच्या प्रश्नाला नीट उत्तर देईना. पंचक्रोशीतल्या प्रत्येक झाडाचं नाव आणि त्या नावाचा धनी जिला पाठ, त्या बाईला माझ्या एका वाक्यानं खुळी ठरवलं होतं.

बाजारातही त्या आता दिसत नसत. दिवसभर टेकडीवर असत, संध्याकाळी रिकामी टोपली घेऊन येत. बुढी भरकटते, असं लोक म्हणायला लागले. एकदा मी त्यांना गल्लीत गाठलं आणि विचारलं, येरोण्या जातात कुठं?

"टोल्यावर देतो. त्याहीच्या पोराईनं येरोनी खाऊ नाही का?" मग त्या थांबल्या. भिंतीला हात टेकला. "गुरुजी, एक विचारू का जी? खरंच मी विसरून राहिली का?"

त्यांनाही आता शंका यायला लागली होती. "नाही मावशी," मी हळूच म्हणालो, "तुम्ही काही विसरत नाही. मी तेव्हा खोटं बोललो."

त्यांनी डोळे मिटून मान हलवली. "मंग हे इथं गल्लीत काहून सांगून राहिले? चार मानसांत बोलले होते, चार मानसांत सांगा."

मी हो म्हणालो. नंतर ग्रामसभा झाल्या, गणपती बसले, लग्नं झाली. चार माणसं कितीदा जमली आणि उठून गेली. प्रत्येक वेळी मी तोंड उघडायचं ठरवलं आणि प्रत्येक वेळी शेजारच्यानं मला चहा दिला. मी निवृत्त झालो, तरी तिथंच घर बांधून राहिलो. मावशी भेटल्या की मी खाली बघे. त्यांनी पुन्हा कधी विषय काढला नाही. भाद्रपदात दोन दिवसांच्या तापाचं निमित्त झालं आणि त्या गेल्या. मातीला गाव होतं. कोणी तरी माझ्याजवळ म्हणालं, "सुटली बिचारी. डोकंच काम करत नव्हतं." तिथंही चारच काय, चाळीस माणसं होती. मी लाकूड टाकलं आणि घरी आलो.

मार्गशीर्षात मात्र मला घरात बसवेना. मी एक कागद लिहिला. त्या दिवशी मी साहेबाला काय सांगितलं, ते खोटं कसं होतं आणि टेकडीवर टोल्याचा हक्क कसा आहे, हे सगळं सहीनिशी लिहून काढलं. वर अर्ज करायला त्यांना तो उपयोगी पडला असता. तो घेऊन मी नाल्यापलीकडे गेलो. सोमीबाईचा मुलगा सुकलूबाबा आता टोल्यातला सगळ्यात म्हातारा. अंगणात ते बसले होते, शेजारी टोल्यातले आणखी चार-पाच गडी.

मी नाव सांगितलं. सुकलूबाबांनी मला बसायला बाज दिली आणि मी कागद काढायच्या आतच विचारलं, "तुमच्या गावची रेवताबाई यंदा काहून नाही आली जी? पोट्टे वाट पाहून राहिले."

माझा हात खिशातच राहिला. मला वाटलं होतं, कळलं असेल. मधे एक नाला तेवढा. "गेल्या त्या," मी म्हणालो. "भाद्रपदात."

"आमाले कोनी सांगतलं नाही," ते म्हणाले. "आमी आलो असतो न मातीले." एक तरणा गडी मधेच बोलला, "बुढी शेवटी शेवटी विसरत होती म्हनतेत, खरं का जी?"

"नाही," मी म्हणालो. "काहीच विसरत नव्हत्या. त्या सांगत होत्या ते शब्द न् शब्द खरं होतं. खोटं मी बोललो, साहेबासमोर, सगळ्या गावासमोर. त्या असताना हे सांगायची मला हिंमत झाली नाही." आणि कागद पुढं केला.

सुकलूबाबांनी कागद घेतला नाही. शेजारच्या गड्यानं घेतला आणि वाचू लागला. बाबा गुडघ्यावर हात ठेवून उठले, खांद्यावरचं पांढरं फडकं काढून बाजेवर ठेवलं आणि घरातल्या सुनेला हाक मारली.

"पानी काढ वो माय. आंघोळ कराची हाये. आपलं मानूस गेलं."